स्वहस्ताक्षराचें प्रामाण्य : वासिली ग्रॉसमनकृत ‘जीवन आणि दैव’

जुना कागद हातीं आला म्हणजे आपण प्रथम त्याचें बाह्यांग पाहतों. कागद कोणत्या जातीचा, शाई कशी, वळण कोणाचें, शिक्कामोर्तब आहे कीं नाहीं, तिथि व शक यांचा मेळ बसतो कीं नाहीं, मायना त्या काळच्या रीतीस धरून आहे कीं नाहीं, अशा कसोट्या लावून तो टिकला म्हणजे त्यास ‘अस्सल’ म्हणतों. आणि अस्सल ठरला म्हणजे त्यांतील मजकूरहि खरा धरण्याकडे आपल्या मनाचा ओढा होतो. बखर बहुधा ऐकीव, पत्र तत्कालीन, या विवेकानें मराठ्यांच्या इतिहासाचें मोठें हित झालें आहे, हें निर्विवाद होय. तथापि कागद अस्सल असणें व कागद सत्यवादी असणें या दोन भिन्न गोष्टी आहेत, आणि त्यांमधील अंतर मोजण्याचें साधन आपल्या संग्रहीं फारसें नाहीं.

आमच्या धर्मशास्त्रकारांस हें अंतर ठाऊक होतें. याज्ञवल्क्यस्मृतीच्या व्यवहाराध्यायांत लेख्याचा विचार करतांना असें सांगितलें आहे कीं, स्वहस्तानें लिहिलेला लेख साक्षीदारांवांचूनहि प्रमाण होय. परंतु त्याच श्लोकांत लगेच अपवाद जोडला आहे कीं, बलानें किंवा उपधीनें, म्हणजे कपटानें, करविलेला लेख प्रमाण नव्हे. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायांतहि बळानें लिहविलेलें तें न लिहिल्याप्रमाणेंच समजावें, असा निर्णय आहे. आम्ही संशोधक या वचनाच्या पूर्वार्धाचा आश्रय नित्य करतों. उत्तरार्धाची आठवण आम्हांस क्वचित् होते. कारण बळाची खूण कागदावर उमटत नाहीं. थरथरत्या हाताचें वळण व म्हाताऱ्या हाताचें वळण यांत भेद कोण करणार?

हा प्रश्न ज्या ग्रंथानें आमच्यापुढें नव्यानें उभा केला, त्याचें परीक्षण येथें योजिलें आहे. ग्रंथ म्हणजे वासिली ग्रॉसमन या रशियन लेखकाची ‘जीवन आणि दैव’ ही कादंबरी होय. आम्हीं ती रॉबर्ट चँडलर यांच्या इंग्रजी भाषांतरावरून वाचली. संशोधनाच्या त्रैमासिकांत कादंबरीचा, आणि तीहि परकीय कादंबरीचा, विचार कशाला, असें कोणी विचारील. त्यास आमचें उत्तर असें कीं, या ग्रंथाच्या हस्तलिखिताची हकीकत पोथ्या जमविणाऱ्या प्रत्येकानें जाणून घ्यावी अशी आहे. आणि ग्रंथाचा अंतर्गत विषयहि, नीट पाहिलें असतां, कागद हाच आहे. अमर्याद राजसत्ता मनुष्याच्या घरांत, त्याच्या मेजावर व अखेरीस त्याच्या लेखणींत कशी शिरते, हें ग्रॉसमन यांनीं दाखविलें आहे.

१. ग्रंथकार

ग्रॉसमन यांचा जन्म १९०५ सालीं युक्रेनमधील बेर्दिचेव्ह या गांवीं एका यहुदी कुटुंबांत झाला. मॉस्को विद्यापीठांत रसायनशास्त्राचा अभ्यास करून त्यांनीं कांहीं काळ दोन्बास प्रांतांतील कोळशाच्या खाणींत काम केलें व पुढें लेखनास वाहून घेतलें. त्यांचीं प्रारंभींचीं पुस्तकें राज्यकर्त्यांस रुचण्याजोगींच होतीं. जन्मतः बंडखोर असा हा मनुष्य नव्हे, ही गोष्ट पुढील विवेचनासाठीं ध्यानांत ठेवावी. १९३८ सालीं त्यांच्या पत्नीस तिच्या पहिल्या पतीच्या संबंधावरून अटक झाली. तेव्हां त्यांनीं तिच्या दोन मुलांस आपल्या पदरीं घेतलें, आणि गुप्त पोलिसांचा मुख्य येझोव्ह यास पत्र लिहून तिची सुटका मागितली. त्या काळीं असें पत्र लिहिणें म्हणजे स्वतःचें नांव यादींत घालून घेण्यासारखें होतें. परंतु ती सुटली.

दुसऱ्या महायुद्धांत ते ‘क्रास्नाया झ्व्येज्दा’ या लष्करी वृत्तपत्राचे बातमीदार होते व स्तालिनग्रादच्या लढाईंत ऐन आघाडीवर राहिले. पोलंडांतील त्रेब्लिंका येथें जर्मनांनीं मनुष्यें मारण्याचा जो कारखाना चालविला होता, त्याविषयीं त्यांनीं १९४४ सालीं लिहिलेला लेख न्यूरेंबर्गच्या खटल्यांत पुराव्यादाखल उपयोगांत आला. त्यांची स्वतःची माता १५ सप्टेंबर १९४१ रोजीं बेर्दिचेव्ह येथील यहुद्यांच्या कत्तलींत मारली गेली. या मृत मातेस उद्देशून त्यांनीं १९५० व १९६१ सालीं पत्रें लिहिलीं. ज्या पत्राचा पत्ताच उरलेला नाहीं असें पत्र लिहिणाऱ्या पुरुषानें कागदाविषयीं कादंबरी लिहावी, यांत नवल नाहीं.

२. पोथीची अटक

‘जीवन आणि दैव’ पुरी करून ग्रॉसमन यांनीं ती ऑक्टोबर १९६० मध्यें ‘झ्नाम्या’ या मासिकाच्या संपादकाकडे दिली. स्तालिन मरून सात वर्षें लोटलीं होतीं. त्याच्या दुष्कृत्यांचा निषेध ख्रुश्चोव्हनें १९५६ सालीं स्वतः केला होता. तरीहि १४ फेब्रुवारी १९६१ रोजीं गुप्त पोलीस ग्रॉसमन यांच्या घरीं आले. त्यांनीं लेखकास धरलें नाहीं; ग्रंथास धरलें. टंकलिखित प्रती, खरडे व टांचणें तर नेलींच, पण प्रती काढण्याचे कार्बन कागद व टंकयंत्राच्या शाईच्या फितीहि नेल्या. आपल्या पोथ्यांच्या पुष्पिकांत लेखक वाचकास विनवितो कीं, तेलापासून, पाण्यापासून, सैल बांधणीपासून व मूर्खाच्या हातापासून या पोथीस राख. सरकारी झडतीची भीति त्या जुन्या लेखकूंस घालावीशी वाटली नव्हती.

फेब्रुवारी १९६२ मध्यें ग्रॉसमन यांनीं ख्रुश्चोव्ह यास पत्र लिहून आपल्या ग्रंथाची मुक्तता मागितली. स्वतः आपण मोकळे फिरत असतां आपण ज्यास जीव वाहिला तो ग्रंथ मात्र कैदेंत आहे, असें त्यांचें म्हणणें होतें. त्याच वर्षीं जुलै महिन्यांत पक्षाचा विचारप्रमुख सुस्लोव्ह यानें त्यांस भेटीस बोलाविलें. हा ग्रंथ आणखी दोन-तीनशें वर्षें छापतां येणार नाहीं, असें तो म्हणाल्याचें सांगतात. ग्रॉसमन १४ सप्टेंबर १९६४ रोजीं कर्करोगानें वारले. आपला ग्रंथ छापील स्वरूपांत पाहणें त्यांच्या नशिबीं नव्हतें.

परंतु दोन प्रती झडतींतून सुटल्या होत्या. एक त्यांचे स्नेही कवि सेम्यॉन लिपकिन यांजकडे होती. दुसरी व्याचेस्लाव्ह लोबोदा या जुन्या मित्राच्या घरीं. या दोघांनींहि ती वर्षानुवर्षें जपली व कोणास कळूं दिली नाहीं. लिपकिन प्रतीचीं सूक्ष्म छायाचित्रें घेण्यांत शास्त्रज्ञ आंद्रे साखारोव्ह व लेखक व्लादिमीर व्होइनोव्हिच यांचें साहाय्य झालें, आणि हीं छायाचित्रें परदेशीं पोंचून १९८० सालीं स्वित्झर्लंडांतील लोझान येथें पहिली आवृत्ति निघाली. कांहीं छायाचित्रें अस्पष्ट असल्यामुळें त्या आवृत्तींत मधून मधून गाळलेल्या जागा राहिल्या; कसर लागलेल्या पोथीचें संपादन करणारास ही अडचण नव्यानें सांगावयास नको. १९८८ सालीं मॉस्कोच्या ‘ऑक्ट्याब्र’ मासिकांत ही कादंबरी प्रसिद्ध झाली, व पुढें लोबोदा प्रतीच्या आधारें पाठ अधिक पूर्ण करण्यांत आला. अखेरीस २०१३ सालीं, म्हणजे सोव्हिएट राज्य लयास जाऊन बावीस वर्षें झाल्यावर, झडतींत नेलेले मूळ कागद रशियाच्या सुरक्षाखात्यानें मॉस्को येथील साहित्य व कला यांच्या सरकारी दप्तरखान्याकडे सोंपविले.

येथें एक चमत्कार दिसतो. ग्रंथ नाहींसा व्हावा म्हणून ज्यांनीं तो नेला, त्यांनींच तो बावन्न वर्षें सांभाळला. मनुष्यांचा नाश करणारें हें खातें कागदाचा नाश करण्यास धजत नव्हतें. कारण त्याचा सर्व कारभार कागदावर चाले. हा कारभार म्हणजे काय, हेंच आतां ग्रंथाच्या अंतरंगांत पाहावयाचें आहे.

३. ग्रंथांतील कागद

कादंबरीचा काळ १९४२ ची अखेर व १९४३ चा आरंभ. पार्श्वभूमि स्तालिनग्रादच्या लढाईची. पात्रें शंभराहून अधिक; परंतु शापोश्निकोव्ह नांवाच्या एका कुटुंबाशीं तीं बहुतेक कोणत्या ना कोणत्या नात्यानें बांधलेलीं आहेत. युद्धभूमि, प्रयोगशाळा, जर्मनांची छावणी, रशियनांची छावणी, मॉस्कोचा लुब्यांका तुरुंग अशा ठिकाणीं कथा फिरते. या विस्तारांतून आम्ही चारच कागद निवडतों.

पहिला कागद एका क्षुल्लक शिक्क्याचा. येव्हगेनिया ही त्या घराण्यांतील एक तरुण स्त्री युद्धामुळें कुइबिशेव्ह शहरीं आली आहे. नोकरी मिळाली, पण राहण्याचा परवाना नाहीं म्हणून ती पक्की होत नाहीं. आणि परवाना देणारा अधिकारी खिडकीआडून ‘नाहीं’ याहून अधिक कांहीं बोलत नाहीं. दिवसामागून दिवस ती रांगेंत उभी राहते. येथें कोणी कोणास मारीत नाहीं, शिवी देत नाहीं. एका शिक्क्यावांचून मनुष्य मनुष्य म्हणून उरत नाहीं, इतकेंच दिसतें. पुढें एका वजनदार ओळखीच्या गृहस्थाचा शब्द पडतांच तो शिक्का मिळतो. कायदा कडक होता असें नव्हे, कायदा कोणाच्या तरी मर्जींत होता, हें लेखकानें टीका न करतां सांगितलें आहे.

दुसरा कागद क्रिमोव्ह याच्या दप्तराचा. क्रिमोव्ह हा येव्हगेनियाचा पूर्वीचा पति, जुना निष्ठावंत बोल्शेविक, सैन्यांतील राजकीय अधिकारी. स्तालिनग्रादमधील वेढल्या गेलेल्या एका घरांत ग्रेकोव्ह नांवाचा शूर नायक मूठभर शिपायांसह लढत आहे. तेथील लोक फार मोकळें बोलतात म्हणून त्यांस वळणावर आणण्यासाठीं क्रिमोव्हची रवानगी होते. तो परत येऊन ग्रेकोव्हविरुद्ध लेखी वृत्तान्त देतो. ग्रेकोव्ह व त्याचे सोबती जर्मनांच्या हल्ल्यांत मरतात. मग क्रिमोव्हलाच अटक होते, आणि लुब्यांकांत त्याच्यापुढें त्याचें स्वतःचें दप्तर उघडलें जातें. त्याच्या साऱ्या आयुष्याच्या नोंदी तेथें आहेत: कोणाशीं काय बोलला, कोणाच्या घरीं जेवला, कोणाविषयीं काय म्हणाला. कित्येक नोंदी खऱ्या आहेत. सर्व मिळून जें चित्र होतें तें मात्र खोटें आहे. एकदां ट्रॉट्स्कीनें त्याच्या लेखाची एका शब्दांत स्तुति केली होती. तो शब्द त्यानें केवळ पत्नीस सांगितला होता. पत्नीनें तो विश्वासानें दुसऱ्या एका प्रिय मनुष्यास सांगितला, तेथून तो एका पक्षाधिकाऱ्याच्या कानीं गेला, आणि दप्तरांत आला. तुरुंगांतला क्रिमोव्ह यावरून एकच अनुमान काढूं शकतो: बायकोनें चहाडी केली. प्रमाण अस्सल, अनुमान तर्कशुद्ध, निर्णय सर्वस्वी चुकीचा. त्याच वेळीं ती स्त्री आपलें नवें सुख टाकून त्याच्यासाठीं अन्नाचें गांठोडें घेऊन तुरुंगाच्या खिडकीशीं रांगेंत उभी असते. शेवटीं त्या गांठोड्यासोबत तिच्या हातची चिठ्ठी त्याच्या हातीं पडते. जाडजूड दप्तर जें सांगूं शकलें नाहीं तें त्या चिठ्ठीच्या तुकड्यानें सांगितलें.

तिसरा कागद आठ मिनिटांचा. नोव्हिकोव्ह हा रणगाड्यांच्या दळाचा सेनापति. हल्ल्याची वेळ ठरलेली. वरून, थेट स्तालिनकडून, तगादा. परंतु शत्रूच्या कांहीं तोफा अद्याप बंद पडलेल्या नाहींत. आपलीं पोरें फुकट मरूं नयेत म्हणून तो आठ मिनिटें हल्ला थोपवून धरतो. हल्ला यशस्वी होतो. त्याच्या सोबतचा राजकीय अधिकारी गेटमानोव्ह त्यास मिठी मारून त्याची वाखाणणी करतो, आणि मागाहून त्याच आठ मिनिटांचा वृत्तान्त वर पाठवितो. मिठीहि खरी व वृत्तान्तहि खरा, असें हें मनुष्याचें दुभंगलेपण ग्रॉसमन यांनीं फार अचूक पकडलें आहे. गेटमानोव्ह ढोंगी नाहीं. त्याच्यांत दोन मनुष्यें राहतात, व लेखणी नेहमीं दुसऱ्याच्या हातीं असते.

चौथा कागद या सर्वांहून महत्त्वाचा असून त्यावर स्वाक्षरी करणारा व्हिक्टोर श्ट्रुम हा पदार्थविज्ञानशास्त्रज्ञ कादंबरीचा मुख्य पुरुष आहे. त्याचा विचार पुढील कलमांत करूं. तत्पूर्वीं एका वेगळ्या जातीच्या लेखनाचा उल्लेख अवश्य आहे. श्ट्रुमच्या आईचें शेवटचें पत्र जर्मनांनीं यहुद्यांस कोंडलेल्या वस्तींतून, अनेक हातांतून फिरत त्याच्याकडे येतें. जर्मन छावणींतील इकॉन्निकोव्ह नांवाचा एक वेडगळ समजला जाणारा कैदी कांहीं फाटक्या कागदांवर लिहून ठेवतो कीं, मोठमोठ्या तत्त्वांच्या नांवानें होणाऱ्या उपकारापेक्षां एका सामान्य मनुष्यानें दुसऱ्यास सहज दाखविलेली दया श्रेष्ठ होय. नंतर मनुष्यें मारण्याच्या कोठडीच्या बांधकामास हात लावण्याचें नाकारून तो मरतो. या कागदांस शिक्का नाहीं, मायना नाहीं, कोणत्याहि कचेरीची नोंद नाहीं. आणि साऱ्या ग्रंथांत खरे बोलणारे कागद एवढेच.

४. बल, उपधि आणि प्रसाद

श्ट्रुमनें एक मोठा शोध लावला आहे. त्याच्या संस्थेंत मात्र त्याच्याविरुद्ध कुजबूज सुरू होते: शोध परकीय विचारांच्या वळणाचा आहे, मनुष्य यहुदी आहे, बोलतो फार. त्याच्यापुढें एक लांबलचक प्रश्नपत्र येतें. जात कोणती, बाप कोण, कोणी नातलग परदेशीं आहे काय, कोणास अटक झाली आहे काय. प्रत्येक प्रश्नाचें खरें उत्तर देतांना आपण गुन्हा कबूल करीत आहों, असें त्यास वाटूं लागतें. जाहीर सभेंत येऊन त्यानें पश्चात्ताप व्यक्त करावा अशी अपेक्षा असते. तो जात नाहीं. स्नेही पाठ फिरवितात, दूरध्वनि मुका होतो, अटकेची वाट पाहत तो घरीं बसतो. आणि या काळांत त्याचें मन अपूर्व स्वच्छ असतें. येथवर स्मृतिकारांच्या भाषेंत बोलावयाचें तर बल हरलें.

मग एके दिवशीं दूरध्वनि वाजतो व प्रत्यक्ष स्तालिन बोलतो. कामांत यश चिंतितो, इतकेंच. दुसऱ्या दिवसापासून जग फिरतें. तेच स्नेही, तीच संस्था, तेच अधिकारी. आतां सर्व हसतमुख. थोड्याच दिवसांत वरिष्ठ मंडळी त्याच्यापुढें एक पत्र सहीसाठीं ठेवतात. प्लेत्न्योव्ह व लेव्हिन या वैद्यांविषयीं परदेशांतून चिंता व्यक्त झाली आहे. त्यांस उत्तर द्यावयाचें कीं हे दोघे गॉर्कीच्या मृत्यूस कारण झालेले अपराधी आहेत आणि त्यांस न्याय्य शिक्षा झाली आहे. मजकूर खोटा आहे हें श्ट्रुमला कळतें. कोणी धमकावीत नाहीं. उलट सर्व आर्जवी आहेत, चहा देतात, प्रकृति विचारतात. आणि ज्यानें एकाकी असतां मान वांकविली नाहीं, तो या आर्जवापुढें सही करतो.

हे दोन वैद्य काल्पनिक नव्हत. १९३८ सालच्या मॉस्को येथील जाहीर खटल्यांत त्यांनीं भरसभेंत गुन्हा कबूल केला होता; लेव्हिन यास त्याच सालीं व प्लेत्न्योव्ह यास १९४१ सालीं गोळी घालण्यांत आली; म्हणजे कथेंतील त्या पत्राच्या वेळीं दोघेहि जिवंत नव्हते. पुढें १९८० नंतरच्या दशकांत उभयतां निर्दोष ठरले. त्यांची कबुली अस्सल होती, छापील होती, शेंकडों लोकांनीं ऐकिली होती, आणि खोटी होती.

आमच्या मतें ग्रॉसमन यांचा खरा शोध येथें आहे. स्मृतिकारांनीं लेख दूषित करणारीं दोन कारणें सांगितलीं, बल व उपधि. श्ट्रुमच्या सहीस यांपैकीं एकहि लावतां येत नाहीं. त्याच्यावर त्या क्षणीं बळजोरी झाली नाहीं, व मजकुराविषयीं त्याची फसवणूकहि झाली नाहीं. तेथें तिसरेंच कारण काम करीत आहे. त्यास आम्ही प्रसाद असें नांव देतों. सर्व कांहीं हिरावून घेण्याची ज्याची शक्ति आहे त्यानें तें हिरावून न घेतां परत दिलें, म्हणजे घेणाऱ्याच्या मनांत कृतज्ञता उपजते. आणि ही कृतज्ञता भयाहून बळकट असते, कारण भयाविरुद्ध मनुष्य उभा राहूं शकतो, कृतज्ञतेविरुद्ध उभें राहणें त्यास कृतघ्नपणाचें वाटतें. अमर्याद सत्तेची पकड तुरुंगाच्या भिंतींत जेवढी असते तेवढीच तुरुंगांत न टाकण्याच्या उपकारांत असते. आणि अशा उपकाराखालीं केलेली सही कोणत्याहि न्यायसभेंत ‘स्वसंतोषाची’ म्हणूनच ठरेल.

हें ज्ञान लेखकास पुस्तकांतून मिळालेलें नव्हतें. जानेवारी १९५३ मध्यें मॉस्कोंतील कांहीं वैद्यांवर, ज्यांत बहुतेक यहुदी होते, राज्यकर्त्यांस विषप्रयोग करण्याच्या कटाचा आरोप जाहीर झाला. या वैद्यांस कडक शिक्षा मागणाऱ्या एका सामुदायिक पत्रावर प्रमुख यहुदी गृहस्थांच्या सह्या घेण्यांत आल्या. त्यांत ग्रॉसमन यांनींहि सही केली, असें लिपकिन यांनीं आठवणींत लिहिलें आहे. ५ मार्च १९५३ रोजीं स्तालिन मेला, एप्रिल महिन्यांत वैद्य सुटले, पत्र छापलें गेलें नाहीं. सही मात्र लेखकाच्या मनांतून पुसली गेली नाहीं. त्यांनीं ती दहा वर्षें मागें नेली, श्ट्रुमच्या हातीं दिली व जगापुढें ठेवली. येझोव्हला पत्र लिहून पत्नीस सोडविणारा हात व हा हात एकच. शूर व भित्रा अशीं मनुष्यांचीं दोन निराळीं गोत्रें मानण्याची जी आपली सोपी रीति आहे, ती या एका गोष्टीनें निरुपयोगी ठरते.

कोणी म्हणेल, ही स्वतःच्या दुर्बलतेची वकिली झाली. आम्हांस तसें वाटत नाहीं. सही केल्यावर श्ट्रुमला जो धिक्कार वाटतो त्यांतून लेखक त्याची सुटका करीत नाहीं. आईची आठवण त्याच्यापुढें उभी करून, पुढच्या वेळीं तरी बळ यावें एवढीच आशा त्याच्या पदरीं टाकतो. ग्रॉसमन यांच्या ‘सर्व कांहीं वाहत आहे’ या, १९७० सालीं परदेशीं प्रथम छापलेल्या अपुऱ्या कादंबरींत तर चार प्रकारच्या चहाडखोरांची एक कल्पित न्यायसभाच भरविली आहे. त्यांपैकीं कोणी छळानें मोडलेला, कोणी भ्यालेला, कोणी श्रद्धेनें आंधळा, कोणी स्वार्थी. प्रत्येकाची बाजू मांडली जाते व प्रत्येकास जाबहि विचारला जातो. क्षमा आणि विस्मरण यांतील भेद लेखकानें सोडलेला नाहीं.

५. दोष

ग्रंथ निर्दोष नाहीं. नांवांची गर्दी इतकी कीं, कुलवृत्तान्ताप्रमाणें वंशवृक्ष शेजारीं ठेवल्यावांचून प्रथम वाचन अवघड जातें. लष्करी कचेऱ्यांतील संभाषणें कित्येक ठिकाणीं लांबलीं आहेत. लेखक मधून मधून कथा थांबवून स्वतःच प्रवचन करूं लागतो. यांतील कांहीं प्रकरणें उत्तम निबंध म्हणून गणतां येतील, परंतु क्रिमोव्हच्या चिठ्ठीनें जें साधलें तें त्या प्रवचनांनीं साधत नाहीं. श्ट्रुमची पत्नी ल्युद्मिला हिच्या पुत्रशोकाचें प्रकरण हृदय पिळवटणारें आहे. पण त्यानंतर ती बरीचशी पतीच्या सावलींत जाते, ही उणीवच म्हणावी लागेल.

एका गैरसमजाचाहि येथें निर्देश करणें जरूर आहे. लिस नांवाचा जर्मन अधिकारी आपल्या कैदेंतील जुन्या बोल्शेविकास म्हणतो कीं, तुम्ही व आम्ही एकमेकांचे आरसे आहों. कित्येक टीकाकार हें वाक्य लेखकाचा अंतिम सिद्धान्त म्हणून उद्धृत करतात. परंतु बोलणारा कोण, ऐकणारा कोण व हेतु कोणता, हें पाहिल्यावांचून वाक्याचा अर्थ लावूं नये, हा मीमांसेचा साधा नियम आहे. लिसचा हेतु कैद्याचें धैर्य खचविणें हा आहे. त्या वाक्यांत लेखकास सत्यांश दिसला असावा, हें ग्रंथाच्या इतर भागांवरून म्हणतां येईल. पण तें लिसच्या साक्षीवर सिद्ध करतां येणार नाहीं.

६. संशोधकांस बोध

यावरून सर्वच अस्सल कागद अविश्वसनीय ठरतात, असा निष्कर्ष काढणें अतिरेकाचें होईल. बळानें वा प्रसादानें लिहविलेला कागद लिहिणाऱ्याच्या मनाची साक्ष देत नाहीं; लिहविणाऱ्याच्या मनाची मात्र पक्की देतो. सत्तेस काय ऐकावयाचें होतें, हें त्या कागदाइतकें स्पष्ट दुसरें कोणीहि सांगणार नाहीं. साक्षीदार कोणाचा, एवढें आपण बदलावयाचें.

आपल्या दप्तरांतहि हारलेल्या पक्षाकडून घेतलेलीं येजितखतें, न्यायसभेपुढें लिहून दिलेले राजीनामे, मुचलके व कतबे विपुल आहेत. ‘आत्मसंतोषें’, ‘राजीखुशीनें’, ‘अक्कलहुशारीनें’ हे शब्द त्यांत ठरीव जागीं येतात. मराठी राज्यव्यवस्था व विसाव्या शतकांतील रशियाची सर्वंकष सत्ता यांची तुलना करण्याचा आमचा मुळींच हेतु नाहीं. तशी तुलना दोहोंवर अन्याय करील. पण ठरीव जागीं येणारा संतोष हा कारकुनाचा असतो, पक्षकाराचा असेलच असें नाहीं, एवढें तरी आपण मान्य करावें. असा कागद छापतांना, सही न करणारास काय भोगावें लागलें असतें, व सही करणारास त्यानंतर काय मिळालें, हे दोन प्रश्न संपादकानें टीपेंत विचारावे. उत्तर मिळालें नाहीं तरी प्रश्न नोंदलेला राहील.

संग्राहकांस आमची एक विनंति आहे. शिक्कामोर्तब असलेली सनद विकत घेण्यास आपण दूरवर जातों, व त्याच घरांतील ‘किरकोळ’ अशी चिठ्ठी बांधलेला रुमाल तसाच सोडून येतों. त्या रुमालांत बिनमित्तीच्या चिठ्ठ्या असतात, खोडलेले खरडे असतात, माहेरीं धाडलेलीं बायकांचीं पत्रें असतात, कोणास किती शिधा दिला याचे हिशेब असतात. हे कागद लिहितांना कोणाच्या मर्जीकडे पाहावें लागलें नव्हतें. मॉस्कोंतील त्या झडतीच्या दिवशीं पोलिसांनीं शाईच्या फितीसुद्धां नेल्या, तरी दोन मित्रांच्या घरचीं दोन गांठोडीं राहून गेलीं, व त्यांतून हा ग्रंथ आपल्यापर्यंत आला. वाचकांपैकीं ज्यांच्या घरीं असे रुमाल असतील त्यांनीं ते फेंकून देऊं नयेत. निवडण्यास वेळ नसेल तर न निवडतांच ठेवावे.